संगणक सुरू होता होता अडतो तेव्हा

दुकानाची खतावणी, गृहनिर्माण संस्थेची देयके, मुलांचे शालेय प्रकल्प, मुदत ठेवींच्या नोंदी, कुटुंबाची छायाचित्रे अशा कितीतरी गोष्टी आज आपण संगणकाच्या स्वाधीन केल्या आहेत. वस्तू व सेवा कराचे मासिक विवरणपत्र भरण्याची २० तारीख तोंडावर आलेली असावी आणि नेमका त्याच दिवशी संगणक सुरू होता होता थबकावा, किंवा विंडोजचे चिन्ह दाखवून पुन्हा पहिल्यापासून सुरू व्हावा, असा प्रसंग अनेक ग्राहकांच्या वाट्याला येतो.

अशा वेळी सर्वसाधारणपणे दोन प्रकारची घाई होते. काहीजण पुन्हा पुन्हा कळ दाबत राहतात. काहीजण ‘सगळे पुसून विंडोज नव्याने टाका’ असे सांगून मोकळे होतात. पहिल्या घाईने दुखावलेली डिस्क अधिक दुखावते, दुसरीने कित्येक वर्षांची माहिती क्षणात नाहीशी होते. वास्तविक थोडे शांतपणे पाहिले, तर बिघाड कोठे आहे याची सूचना संगणक स्वतःच देत असतो. ती सूचना वाचावी कशी आणि दुरुस्तीपूर्वी आपली माहिती सांभाळावी कशी, याचा विचार या लेखात केला आहे.

कळ दाबल्यानंतर काय घडते?

संगणक सुरू होण्याच्या क्रियेस ‘बूट होणे’ म्हणतात. बुटाच्या मागील पट्टीला धरून स्वतःच स्वतःला वर उचलण्याच्या कल्पनेवरून हा शब्द आला आहे. संगणकाचेही तसेच असते. कार्यप्रणाली डिस्कवर असते आणि ती उचलून आणण्यासाठी आधी कोणीतरी जागे व्हावे लागते. म्हणून हे काम पायरीपायरीने होते.

प्रथम एसएमपीएस हा वीजपुरवठा करणारा डबा घरातील २३० व्होल्टच्या विजेचे १२, ५ व ३.३ व्होल्टमध्ये रूपांतर करतो. हे दाब स्थिर झाले की तो मदरबोर्डला ‘वीज ठीक आहे’ असा इशारा देतो. त्यानंतरच प्रोसेसर जागा होतो आणि मदरबोर्डवरील चिपमध्ये साठवलेला लहानसा कार्यक्रम चालवू लागतो. जुन्या संगणकांत त्यास बायोस म्हणत, नव्यांत त्याची जागा यूईएफआयने घेतली आहे. हा कार्यक्रम रॅम, कळफलक, डिस्क, पडद्याचे कार्ड यांची हजेरी घेतो. हजेरी पूर्ण झाली की तो डिस्कवरील बूट लोडरकडे सूत्रे सोपवतो. बूट लोडर विंडोज किंवा लिनक्सचा गाभा रॅममध्ये आणतो, गाभा एकेका भागाचे ड्रायव्हर सुरू करतो, मग प्रवेशाचा पडदा दिसतो आणि शेवटी आपोआप सुरू होणारे इतर कार्यक्रम जागे होतात.

अडण्याच्या चार जागा

हा क्रम ध्यानात ठेवला, म्हणजे संगणक कोणत्या पायरीवर अडला यावरून कोणाची चौकशी करावयाची हे ठरवता येते.

पहिली जागा चिन्ह दिसण्यापूर्वीची. पंखे फिरतात, दिवा लागतो. पण पडदा काळाच राहतो, किंवा संगणक दोन-तीन सेकंदांत बंद होऊन पुन्हा सुरू होतो. येथे विंडोजचा संबंध नाही, कारण विंडोजपर्यंत गाडी पोहोचलेलीच नसते. संशय वीजपुरवठा, रॅम, मदरबोर्ड किंवा सैल जोडणी यांवर घ्यावा. बीप वाजत असल्यास त्या मोजून, लांब की आखूड हे लिहून ठेवावे. त्यांचा अर्थ बायोस बनविणाऱ्या कंपनीनुसार बदलतो व तो मदरबोर्डच्या पुस्तिकेत दिलेला असतो.

दुसरी जागा कंपनीच्या चिन्हावरची. हजेरी चालू असताना एखादे उपकरण उत्तर देत नसेल तर संगणक येथे ताटकळतो. विसरून लावून ठेवलेला पेन ड्राइव्ह, बिघडलेला कार्ड रीडर किंवा मरणपंथास लागलेली डिस्क ही नेहमीची कारणे होत. म्हणून सर्वप्रथम कळफलक, माउस व मॉनिटर यांखेरीज सर्व बाहेरील उपकरणे काढून संगणक सुरू करून पाहावा. या अर्ध्या मिनिटाच्या उपायाने कित्येक तक्रारी तेथेच मिटतात.

तिसरी जागा विंडोजचे गोल फिरू लागल्यानंतरची. येथे ड्रायव्हर, अर्धवट राहिलेला अपडेट, बिघडलेल्या फायली किंवा डिस्कवरील वाचता न येणारे भाग कारणीभूत असतात.

चौथी जागा प्रवेश केल्यानंतरची. पडदा येतो, पण माउस हलेनासा होतो किंवा काही मिनिटांत संगणक पुन्हा सुरू होतो. आपोआप सुरू होणारे कार्यक्रम, व्हायरस आणि वाढलेली उष्णता यांचा विचार येथे करावा. ऑगस्ट २००३ मध्ये पसरलेल्या ब्लास्टर या घातक कार्यक्रमाने ग्रस्त झालेल्या संगणकांवर ६० सेकंदांची उलटी गणती दिसत असे आणि ती संपताच संगणक पुन्हा सुरू होत असे. यंत्र ठणठणीत असूनही असे घडू शकते, याचे ते चांगले उदाहरण होय.

थिजणे वेगळे, पुन्हा सुरू होणे वेगळे

ही दोन लक्षणे एकच नव्हेत. संगणक थिजतो तेव्हा तो बहुधा कोणाच्या तरी उत्तराची वाट पाहत असतो. त्यामुळे डिस्क, ड्रायव्हर किंवा रॅम यांकडे लक्ष जावे. तो पुन्हा सुरू होतो तेव्हा एकतर वीज क्षणभर तुटलेली असते, उष्णतेची मर्यादा ओलांडलेली असते किंवा विंडोजने गंभीर चूक आढळल्यामुळे स्वतःच तसे ठरवलेले असते.

या शेवटच्या शक्यतेची अनेकांस कल्पना नसते. गंभीर चूक घडल्यास विंडोज निळा पडदा दाखविते. २०२५ पासून विंडोज ११ मध्ये तो काळा झाला आहे. त्यावर चुकीचे नाव असते. पण संगणक लगेच पुन्हा सुरू होत असल्याने ते वाचण्यापूर्वीच नाहीसे होते. विंडोज १० व ११ मधील ‘स्टार्टअप सेटिंग्ज’च्या यादीत ९ क्रमांकाचा पर्याय निवडला, की हे आपोआप पुन्हा सुरू होणे त्या वेळेपुरते थांबते. मग त्या पडद्याचे मोबाइलवर छायाचित्र घ्यावे. दुरुस्ती करणाऱ्यास ‘बंद पडतो’ असे सांगणे आणि हे छायाचित्र दाखविणे यांत मोठा फरक आहे.

वीज, उष्णता आणि धूळ

वीजपुरवठ्याची तपासणी भिंतीपासून सुरू करावी. यूपीएसची बॅटरी जुनी झाली असेल, तर संगणक सुरू होताना लागणारा वाढीव भार ती पेलू शकत नाही. यूपीएस वगळून संगणक थेट भिंतीवरील चांगल्या सॉकेटला जोडून पाहिला म्हणजे ही शंका फिटते. एकाच एक्सटेन्शन बोर्डवर मॉनिटर, प्रिंटर आणि इस्त्री असा संसार मांडलेला असल्यास तो आधी वेगळा करावा.

सकाळी दोन-तीन प्रयत्नांत बंद पडणारा आणि एकदा सुरू झाला की दिवसभर नीट चालणारा संगणक पुष्कळांनी पाहिला असेल. एसएमपीएस किंवा मदरबोर्डवरील जुने झालेले कपॅसिटर थंड असताना आपले काम नीट करीत नाहीत, हे त्यामागील एक प्रमुख कारण होय. २००० नंतरच्या काही वर्षांत बनलेल्या अनेक मदरबोर्डांत सदोष कपॅसिटर वापरले गेले होते आणि त्यांची माथी फुगून असे संगणक बंद पडत. आजही मदरबोर्डवर फुगलेले किंवा तपकिरी द्रव गळलेले कपॅसिटर दिसल्यास निदान जवळजवळ झालेच असे समजावे. एसएमपीएसचा डबा मात्र आपण कदापि उघडू नये. प्लग काढल्यानंतरही त्यात काही काळ धोकादायक दाबाची वीज साठून राहते. तो दुरुस्त करीत बसण्यापेक्षा चांगल्या प्रतीचा नवा बसविणे श्रेयस्कर.

याउलट संगणक सुरू होतो, पाच-दहा मिनिटांनी बंद पडतो, लगेच सुरू केल्यास आणखी लवकर बंद पडतो आणि तासाभराने पुन्हा पहिल्याइतका टिकतो, तेव्हा उष्णतेचा संशय घ्यावा. प्रोसेसरवरील पंखा फिरतो का, त्याखालील धातूच्या पात्यांत धुळीचा थर बसला आहे का, हे पाहावे. लॅपटॉप गादीवर वा उशीवर ठेवून वापरल्यास त्याच्या हवेच्या वाटाच बंद होतात. आणखी एक किरकोळ वाटणारे कारण म्हणजे डब्यावरील दाबून अडकलेली कळ. रिसेटची कळ आत रुतून बसली, तर सुदृढ संगणकही अखंड पुन्हा सुरू होत राहतो.

रॅम आणि तीन व्होल्टची बॅटरी

दमट हवेत रॅमच्या पट्टीच्या सोनेरी कडेवर मळ धरतो. संगणक बंद करून प्लग काढावा, वीज निघून जाण्यासाठी सुरू करण्याची कळ काही सेकंद दाबून धरावी, डब्याच्या धातूला हात लावून अंगावरील स्थिर विद्युत घालवावी आणि मगच पट्टी काढावी. मऊ कोरड्या कापडाने कडा पुसून ती पुन्हा बसविताना दोन्ही टोकांच्या खाचा नीट बसल्याची खात्री करावी. दोन पट्ट्या असतील तर एकावेळी एकच लावून पाहावी. एक पट्टी असताना संगणक चालतो आणि दुसरी असताना अडतो, असे आढळले की दोषी कोण हे वेगळे सांगावयास नको. विंडोजमध्ये रॅम तपासण्याचे ‘मेमरी डायग्नॉस्टिक’ हे साधनही असते.

मदरबोर्डवर रुपयाच्या नाण्याएवढी गोल बॅटरी असते. तिचा दाब ३ व्होल्ट असतो. ती संपली की संगणकाचे घड्याळ मागे पडते आणि जुन्या संगणकांत बायोसमधील मांडणी मूळ अवस्थेत जाते. डिस्क वाचण्याची पद्धतही त्यात बदलली, तर विंडोजला स्वतःची डिस्क सापडत नाही आणि ‘इनॲक्सेसिबल बूट डिव्हाइस’ अशी चूक दाखवून ते पुन्हा पुन्हा सुरू होत राहते. डिस्क बदला, विंडोज नव्याने टाका, असा सल्ला येथे मिळू शकतो. प्रत्यक्षात नवी बॅटरी आणि बायोसमधील एक बदल एवढ्यावर काम भागते. दरवेळी तारीख चुकीची दिसत असेल तर ही शक्यता आवर्जून तपासावी.

डिस्क आजारी असेल तर प्रथम माहिती

डिस्कच्या बाबतीत मात्र नियम वेगळा आहे. जुन्या पद्धतीच्या फिरत्या डिस्कमधून टक्‌टक् असा एकसारखा आवाज येऊ लागला, तर संगणक तात्काळ बंद करावा. प्रत्येक नव्या प्रयत्नाने वाचू शकणारा भागही हातचा जाण्याची भीती असते. आवाज नाही, पण सुरू होण्यास नेहमीपेक्षा कितीतरी अधिक वेळ लागतो, फायली उघडताना संगणक थिजतो, अशी लक्षणे असतील तर दुरुस्तीच्या मागे न लागता प्रथम माहितीची प्रत काढावी. ‘चेकडिस्क’सारखी दुरुस्तीची साधने डिस्ककडून तासन्‌तास काम करून घेतात. दुबळ्या डिस्कला ते श्रम सोसत नाहीत, म्हणून प्रत हाती आल्यानंतरच ती वापरावीत.

विंडोज सुरू होत नसले तरी प्रत काढता येते. लिनक्स असलेल्या पेन ड्राइव्हवरून संगणक सुरू करून फायली दुसऱ्या डिस्कवर उतरविता येतात, किंवा डिस्क काढून दुसऱ्या संगणकास जोडता येते. नवा संगणक बाजारात मिळतो. दहा वर्षांची खतावणी मिळत नाही.

दोष विंडोजमध्ये असेल तर

विंडोज १० किंवा ११ सलग दोनदा सुरू होण्यात अपयशी ठरले, की पुढील वेळी बहुधा दुरुस्तीचा निळा पडदा आपोआप येतो. त्यावरील पर्याय सौम्यापासून कठोराकडे या क्रमाने वापरावेत. प्रथम ‘स्टार्टअप रिपेअर’. मग ४ क्रमांकाने ‘सेफ मोड’. यात विंडोज अत्यावश्यक ड्रायव्हरांसहच सुरू होते. सेफ मोडमध्ये संगणक नीट चालला, तर दोष बहुधा यंत्रात नसून अलीकडे टाकलेल्या एखाद्या कार्यक्रमात वा ड्रायव्हरमध्ये आहे असे समजावे आणि तो काढून टाकावा. तेवढ्याने न भागल्यास शेवटचा अपडेट काढणे किंवा ‘सिस्टिम रिस्टोअर’ने मागील तारखेच्या स्थितीत जाणे हे मार्ग आहेत. सर्व काही पुसून टाकण्याचा पर्याय अगदी शेवटचा.

आणखी एक बारकावा असा. विंडोज ८ पासून ‘शट डाउन’ केल्यावर संगणक पूर्णपणे कोरा होत नाही. लवकर सुरू होता यावे यासाठी गाभ्याची स्थिती डिस्कवर जपून ठेवली जाते. ती स्थिती बिघडलेली असल्यास रोज तीच अडचण येते. ‘रिस्टार्ट’ केल्यास मात्र गाभा नव्याने चढतो. त्यामुळे बंद करून सुरू केल्यास अडणारा संगणक रिस्टार्टने सुरळीत चालू लागतो, यात चमत्कार काही नाही.

दोष यंत्राचाही नसतो आणि वापरणाऱ्याचाही नसतो, याचे मोठे उदाहरण १९ जुलै २०२४ रोजी जगाने पाहिले. क्राउडस्ट्राइक या सुरक्षा कंपनीने पाठविलेल्या एका सदोष अपडेटमुळे, मायक्रोसॉफ्टच्या अंदाजानुसार, सुमारे ८५ लाख विंडोज संगणक निळ्या पडद्यावर येऊन पुन्हा पुन्हा सुरू होऊ लागले. भारतातील विमानतळांवर काही प्रवाशांना हाताने लिहिलेले बोर्डिंग पास देण्यात आले. आपल्या देशातील १० बँका व बिगरबँक वित्तीय संस्थांनाच त्याची किरकोळ झळ पोहोचल्याचे भारतीय रिझर्व्ह बँकेने सांगितले होते. सदोष अपडेट दीड तासाच्या आत मागे घेण्यात आला; परंतु अडलेले संगणक आपोआप सावरण्याच्या स्थितीत नव्हते. उपाय साधा होता. सेफ मोडमध्ये जाऊन ती एक फाइल पुसावयाची. मात्र तो बहुतेक ठिकाणी एकेका संगणकासमोर बसून करावा लागला, आणि अनेक ठिकाणी कर्मचारी एका वेगळ्याच दारापाशी अडले. डिस्क कुलूपबंद होती आणि किल्ली कोणाकडे आहे हे ठाऊक नव्हते.

अठ्ठेचाळीस अंकी किल्ली

हा अनुभव आपल्या घरीही येऊ शकतो. आजच्या अनेक लॅपटॉपमध्ये बिटलॉकर या सोयीने डिस्कवरील माहिती सांकेतिक रूपात ठेवलेली असते आणि नव्या विंडोज ११ संगणकांत ती कित्येकदा आपोआप सुरू होते. चोराच्या हाती लॅपटॉप लागला तरी माहिती लागू नये, हा तिचा हेतू. तथापि मदरबोर्ड बदलला, बायोसमध्ये फेरफार केला किंवा दुरुस्तीच्या पडद्यावरून सेफ मोडमध्ये जावयाचे ठरविले, की संगणक ४८ अंकी किल्ली मागतो. ती नसेल तर माहिती मालकालाही मिळत नाही.

ही किल्ली बहुधा आपल्या मायक्रोसॉफ्ट खात्यात नोंदलेली असते. संगणक चालू स्थितीत असतानाच ती पाहून कागदावर उतरवून घ्यावी आणि ठेवींच्या पावत्यांसोबत सुरक्षित जागी ठेवावी. ती त्याच लॅपटॉपमध्ये साठविणे म्हणजे तिजोरीची किल्ली तिजोरीतच ठेवून दार लावून घेणे होय.

दुरुस्ती आणि आपले बँक खाते

बँकेच्या व्यवहाराच्या मध्यावर संगणक बंद पडला, तर तोच व्यवहार लगेच पुन्हा करू नये. प्रथम मोबाइलवरून किंवा शाखेतून खात्याचा उतारा पाहावा. रक्कम गेलेली नाही अशी खात्री झाल्यावरच दुसरा प्रयत्न करावा, अन्यथा एकच देयक दोनदा भरले जाते.

संगणक दुरुस्तीस देण्यापूर्वी डिजिटल स्वाक्षरीचा टोकन काढून घ्यावा. पासवर्ड लिहिलेली चिठ्ठी कळफलकाखाली असल्यास तीही काढावी. ब्राउझरमध्ये पासवर्ड साठविलेले असतील, तर दुसऱ्या विश्वासू उपकरणावरून ते बदलावेत. दुरुस्ती करणारा प्रामाणिक असला तरी ही दक्षता घेणे आपले कर्तव्य आहे.

सर्वांत मोठा धोका मात्र वेगळाच आहे. पडदा अचानक थिजल्यासारखा होतो, मोठा आवाज येतो आणि ‘आपल्या संगणकात व्हायरस आहे, या क्रमांकावर त्वरित दूरध्वनी करा’ अशी सूचना झळकते. संगणक प्रत्यक्षात बिघडलेला नसतो. ब्राउझरमध्ये उघडलेले ते एक फसवे पान असते. खऱ्या निळ्या पडद्यावर दूरध्वनी क्रमांक देऊन कोणी पैसे मागत नाही. त्या क्रमांकावर बोलणारी व्यक्ती दूरवरून संगणक हाताळण्याचा कार्यक्रम उतरवून घ्यावयास सांगते आणि नंतर ओटीपी मागते. अशा वेळी इंटरनेटची जोडणी तोडून संगणक बंद करावा. पैसे गेले असल्यास विलंब न लावता आपल्या बँकेस आणि १९३० या राष्ट्रीय सायबर गुन्हे मदतवाहिनीस कळवावे.

क्रमाने करावयाच्या गोष्टी

१. संगणक कोणत्या पायरीवर अडतो हे लिहून ठेवावे, पडद्याचे छायाचित्र घ्यावे.
२. बाहेरील सर्व उपकरणे काढावीत आणि यूपीएस वगळून थेट जोडणी करून पाहावी.
३. डिस्कचा आवाज ऐकावा. संशय आल्यास प्रथम माहितीची प्रत काढावी.
४. धूळ, पंखा, रॅम आणि बॅटरी तपासावी. एकावेळी एकच बदल करावा, म्हणजे गुण कशाने आला हे कळते.
५. स्टार्टअप रिपेअर, सेफ मोड आणि सिस्टिम रिस्टोअर हे याच क्रमाने वापरावेत.
६. विंडोज नव्याने टाकण्यापूर्वी प्रत आणि ४८ अंकी किल्ली हाती असल्याची खात्री करावी.

विंडोज १० साठीचे सर्वसाधारण साहाय्य १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपले आहे. जुन्या संगणकावर अजूनही तेच असेल, तर बँकेचे व्यवहार अशा संगणकावर करण्यापूर्वी जाणकाराचा सल्ला घ्यावा.

संगणक आज ना उद्या अडणारच. वीज, उष्णता, धूळ आणि वय यांपुढे कोणत्याही यंत्राचे काही चालत नाही. महत्त्वाच्या कागदपत्रांची एक प्रत संगणकाबाहेरील डिस्कवर आणि एक घराबाहेर अन्यत्र ठेवण्याची शिस्त ज्यांनी लावून घेतली आहे, त्यांच्यासाठी असा बिघाड केवळ एका दुपारची गैरसोय ठरतो. ही शिस्त लावण्यासाठी संगणक नीट चालू असलेला आजचा दिवस सर्वांत योग्य होय.